गदिमा: गीतांमागे झाकलेला पटकथाकार

आकुर्डीत पिंपरी-चिंचवड महापालिकेचे ग. दि. माडगूळकर नाट्यगृह आहे. तिथे नाटकाला येणाऱ्या प्रेक्षकाला हे नाव कुणाचे असे विचारले, तर दहातले नऊ जण ‘गीतरामायण’ म्हणतील. उत्तर बरोबरच आहे, पण अर्धे आहे. गजानन दिगंबर माडगूळकर यांचा चरितार्थ आयुष्यभर चालला तो मुख्यतः चित्रपटांवर, आणि त्यात गाणी हा कामाचा एक भाग होता. कथा सुचवणे, पटकथा बांधणे, संवाद लिहिणे, चित्रीकरणाच्या वेळी लागेल ते बदलून देणे आणि वेळ पडल्यास स्वतः चेहऱ्याला रंग लावून उभे राहणे, हे सगळे ते करत. मराठीतले दीडशेहून अधिक आणि हिंदीतले वीसेक चित्रपट त्यांच्या लेखणीशी जोडलेले आहेत. ‘दो आँखें बारह हाथ’ हा त्यांतलाच एक, हे आजही अनेकांना ठाऊक नसते.

योगायोग असा की याच शहरात, पिंपरीच्या संत तुकारामनगरात, आचार्य अत्रे रंगमंदिर आहे. अत्रेही नाटककार आणि पत्रकार म्हणून जितके आठवतात तितके पटकथाकार म्हणून आठवत नाहीत. 1938 साली आलेला ‘ब्रह्मचारी’ अत्र्यांनी लिहिला होता आणि त्याच चित्रपटात एका किरकोळ भूमिकेतून गदिमांचा सिनेमात प्रवेश झाला. कारखान्यांच्या या नगरीतली दोन नाट्यगृहे अशी एका जुन्या चित्रपटाने एकमेकांना जोडली आहेत.

कथा, पटकथा, संवाद

पुढे जाण्याआधी तीन शब्द वेगळे करून घेतलेले बरे, कारण जुन्या श्रेयनामावल्यांमध्ये ते नेहमी एकत्र येतात आणि गोंधळ होतो. कथा म्हणजे काय घडते ते. पटकथा म्हणजे ते कोणत्या क्रमाने, कोणत्या प्रसंगांतून आणि पडद्यावर कसे दिसेल ते. संवाद म्हणजे पात्रे काय बोलतात ते. आज ही तीन कामे बहुधा तीन वेगळी माणसे करतात. 1940 आणि 1950च्या दशकांतल्या मराठी चित्रपटात मात्र ती एकाच माणसाकडे असणे नेहमीचे होते, आणि तो कवी असेल तर गीतेही त्याच्याकडेच.

याचा एक फायदा होता, तो सहसा ध्यानात घेतला जात नाही. पटकथा आणि गीत एकाच हातचे असेल, तर गाणे कुठे येणार हे आधीपासून ठरलेले असते. ते प्रसंग थांबवत नाही, पुढे नेते. गदिमांची अनेक चित्रपटगीते प्रसंगाबाहेर काढूनही टिकली, पण मूळ चित्रपटात ती पाहिली तर कळते की संवादाचे एक पान वाचवण्यासाठीच ती लिहिली आहेत. नायिकेचे लग्न ठरले, वर्ष उलटले, घरातला कर्ता माणूस खचला, अशा गोष्टी सांगायला ज्या ठिकाणी चार प्रसंग लागले असते तिथे एक गाणे पुरते. कमी पैशांत चित्रपट काढणाऱ्या मराठी निर्मात्याला याची किंमत चांगली कळत होती.

औंध संस्थानातला मुलगा

गदिमांचा जन्म 1 ऑक्टोबर 1919 रोजी शेटफळे या गावी झाला. घराणे मूळचे माडगूळचे. ही दोन्ही गावे आज सांगली जिल्ह्याच्या आटपाडी तालुक्यात आहेत, तेव्हा हा मुलूख औंध संस्थानात मोडत असे. माणदेशचा हा कोरडा, पावसाला पारखा भाग. धाकटे भाऊ व्यंकटेश माडगूळकर यांच्या कथांमुळे तो मराठी वाचकाच्या चांगल्या ओळखीचा झाला. वडील संस्थानात कारकून. शिक्षण आटपाडी, कुंडल आणि औंध असे जिथे सोय होईल तिथे झाले, आणि मॅट्रिकच्या परीक्षेत अपयश आले. घरची परिस्थिती पाहता पुन्हा परीक्षेला बसण्यापेक्षा पोटाचे पाहणे भाग होते.

औंध हे संस्थान आकाराने लहान, पण विलक्षण. राजे भवानराव पंतप्रतिनिधी स्वतः चित्रे काढत, कीर्तन करत आणि सूर्यनमस्कारांचा प्रसार करत. त्यांच्या राज्यात शिकलेल्या मुलाच्या कानावर कीर्तन, पोवाडा, ओवी आणि अभंग शाळेइतकेच पडले. गदिमांच्या भाषेचा पाया तिथला आहे. संतांच्या रचना आणि शाहिरी कवने मुखोद्गत असल्यामुळे कुठल्याही काळातल्या पात्राला त्याची बोली देणे त्यांना जड गेले नाही. पटकथाकाराला लागणारी दुसरी गोष्ट म्हणजे माणसे पाहिलेली असणे, आणि ती त्यांनी गावोगावच्या मुक्कामांत भरपूर पाहिली होती.

याच संस्थानातली आणखी एक घटना पुढे त्यांच्या कामाला आली. तिच्याकडे नंतर येऊ.

लेखनिक ते लेखक

1930च्या दशकात मराठी चित्रपटाची दोन केंद्रे होती. प्रभात कंपनी 1933 साली पुण्याला गेली तरी कोल्हापूर ओस पडले नव्हते. तिथे मास्टर विनायक यांच्या हंस पिक्चर्सचे काम जोरात होते. गदिमा नट व्हायच्या इच्छेने तिथे पोहोचले. ‘ब्रह्मचारी’तली छोटी भूमिका मिळाली, पण नायकाची चण नव्हती हे लवकरच स्पष्ट झाले.

त्या काळी चित्रपट कंपनी ही नोकरीची जागा होती. मासिक पगार, हजेरी, आणि सांगितलेले पडेल ते काम. हंसमध्ये वि. स. खांडेकर पटकथा लिहीत, आणि गदिमा त्यांचे लेखनिक झाले. खांडेकर सांगणार आणि हे उतरवून घेणार. लेखनिकाचे काम दिसायला हमालीचे असते, पण पटकथा शिकण्याची त्याहून चांगली शाळा तेव्हा महाराष्ट्रात नव्हती. वाक्य का खोडले, प्रसंग का हलवला, शेवट का बदलला, हे सगळे डोळ्यांसमोर घडत होते. पुढे नवयुग चित्रपट कंपनीत त्यांनी के. नारायण काळे यांच्या हाताखाली साहाय्यक म्हणून काम केले. काळे हे अभ्यासू दिग्दर्शक आणि समीक्षक. म्हणजे गदिमांनी कथाकाराकडून लिहायचे कसे ते पाहिले आणि दिग्दर्शकाकडून ते पडद्यावर आणायचे कसे ते.

गीतकार म्हणून त्यांचे नाव 1942 सालच्या ‘भक्त दामाजी’ आणि ‘पहिला पाळणा’ या चित्रपटांपासून दिसू लागते. याच दशकात त्यांनी ‘युद्धाच्या सावल्या’ हे नाटकही लिहिले. पण ज्या चित्रपटाने लेखक म्हणून त्यांना उभे केले, तो आला 1947 साली.

‘लोकशाहीर रामजोशी’

राजकमल कलामंदिरचा हा चित्रपट पेशवाईच्या अखेरच्या काळातल्या सोलापूरच्या शाहिरावर आहे. दिग्दर्शन बाबूराव पेंटर आणि व्ही. शांताराम यांचे, संगीत वसंत देसाई यांचे, नायक जयराम शिलेदार आणि बयाच्या भूमिकेत हंसा वाडकर. कथा, संवाद, गीते गदिमांची. हिंदीत तो ‘मतवाला शायर रामजोशी’ या नावाने निघाला.

पटकथाकारापुढची अडचण इथे खरी होती. नायक हा ऐतिहासिक पुरुष, त्याची स्वतःची कवने लोकांना माहीत. ब्राह्मण घरातला मुलगा तमाशाच्या फडात जातो आणि समाज त्याला बाहेर टाकतो, इतकाच ऐवज हाताशी. गदिमांनी यातला संघर्ष घराबाहेर नेण्याऐवजी शाहिराच्या आत ठेवला. विद्या आणि रंगेलपणा, कीर्तन आणि लावणी, दोन्ही त्याला हवे आहेत आणि दोन्हींची त्याला किंमत मोजावी लागते. नव्याने लिहिलेली गीते आणि जुनी शाहिरी यांतला सांधा कुठे आहे, हे ऐकणाऱ्याला कळू नये इतकी भाषा त्यांनी मुरवली होती.

चित्रपट अफाट चालला. त्यानंतर मराठीत तमाशापटांची जी लाट आली तिचे श्रेय किंवा दोष, दोन्ही या चित्रपटाकडे जातात. दोष अशासाठी की पुढच्या अनेकांनी फड आणि फेटा तेवढा उचलला, शाहिराच्या आतली ओढाताण मागेच राहिली.

राजा परांजपे, सुधीर फडके आणि तिसरा

1948 सालच्या ‘जिवाचा सखा’पासून दिग्दर्शक राजा परांजपे, संगीतकार सुधीर फडके आणि लेखक-गीतकार गदिमा हे तिघे एकत्र आले. पुढची बारा-पंधरा वर्षे मराठी चित्रपटाचा मध्यमवर्गीय चेहरा या तिघांनी घडवला, असे म्हणायला हरकत नाही. स्टुडिओंची पगारी व्यवस्था तोपर्यंत मोडली होती. आता प्रत्येक चित्रपटासाठी पैसा नव्याने उभा करावा लागे, आणि म्हणून विश्वासाची, पटकन काम करणारी मंडळी हवी असत.

1950 सालचा ‘पुढचं पाऊल’ हा तमाशाच्या पार्श्वभूमीवरचा, पु. ल. देशपांडे आणि हंसा वाडकर यांचा चित्रपट. दोनच वर्षांनी, 1952 साली, ‘लाखाची गोष्ट’ आणि ‘पेडगावचे शहाणे’ हे दोन चित्रपट लागोपाठ आले, आणि दोन्हींचा बाज पूर्ण वेगळा होता.

‘लाखाची गोष्ट’ ही निखळ विनोदी चीज. फटिंग कलावंत तरुणापुढे मुलीचा श्रीमंत बाप अट ठेवतो, की ठरलेल्या मुदतीत एक लाख रुपये खर्च करून दाखव. खर्च करायला निघालेल्या माणसाचे पैसे संपेचनात, यातून गंमत उभी राहते. राजा गोसावी यांची भूमिका, आणि रेखा व चित्रा या दोन बहिणींचे पडद्यावरचे आगमन, यांसाठीही तो लक्षात राहिला. लेखनाच्या कामात ग. रा. कामत होते, ज्यांनी पुढे हिंदीत ‘मेरा साया’सारखे चित्रपट लिहिले. मूळ कल्पना पाश्चात्त्य विनोदी कथांमध्ये आधी आलेली आहे. पण पाहताना परकेपणा जाणवत नाही, कारण पैशाकडे पाहण्याची नजर अस्सल पुणेरी मध्यमवर्गाची आहे: हातात लाख आले तरी हिशेब सुटत नाही.

‘पेडगावचे शहाणे’च्या नावातच वाक्प्रचार आहे. वेड पांघरून पेडगावला जाणे म्हणजे मुद्दाम वेड्याचे सोंग घेणे. चित्रपट विचारतो की वेडा नेमका कोण, ज्याला लोक वेडा म्हणतात तो, की पैसा आणि प्रतिष्ठेमागे धावणारे भोवतालचे शहाणे. राजा परांजपे यांची भूमिका, आणि विनोदाच्या कडेने जाणारी उदासी. याची हिंदी आवृत्ती ‘चाचा चौधरी’ 1953 साली आली.

1954 सालचा ‘ऊन पाऊस’ आज पाहिला तरी जुना वाटत नाही. आयुष्यभर शाळेत शिकवलेला मास्तर आणि त्याची बायको म्हातारपणी मुलांच्या आधाराला येतात, आणि मुले आईवडिलांचीच वाटणी करतात. या आशयाचे चित्रपट पुढे भारतातल्या अनेक भाषांत निघाले आणि गाजले. मराठीतल्या या आवृत्तीत खलनायक नाही, ही तिची ताकद आहे. मुले दुष्ट नाहीत. त्यांची घरे लहान आहेत, पगार बेताचे आहेत, आणि प्रत्येकाकडे आपापले पटण्याजोगे कारण आहे. त्यामुळे प्रेक्षकाला कुणाला शिव्या घालून मोकळे होता येत नाही.

1960 सालचा ‘जगाच्या पाठीवर’ हा या तिघांच्या कामाचा कळस मानला जातो. रस्त्यावरचा एक फिरस्ता आणि एक आंधळी मुलगी, राजा परांजपे आणि सीमा. चॅप्लिनच्या ‘सिटी लाइट्स’ची छाया त्यावर आहे आणि ती कुणी लपवलेली नाही. पण चॅप्लिनचा चित्रपट मूक होता, हा गाण्यांनी भरलेला आहे, आणि ती गाणी रस्त्यावर गाऊन पोट भरणाऱ्या माणसांची आहेत. म्हणजे गाणे हाच त्यांचा धंदा. नायक-नायिका अचानक का गाऊ लागले, हा हिंदी-मराठी चित्रपटाला नेहमी विचारला जाणारा प्रश्न इथे उद्भवतच नाही. पटकथेची ही युक्ती साधी आहे, पण तिच्यामुळेच चित्रपट उभा राहतो.

सगळेच असे उतरले असे नाही. एका वर्षात अनेक चित्रपटांचे काम हाती घेणाऱ्या लेखकाच्या हातून योगायोगांवर उभी राहिलेली कथानके, अखेरीस अश्रूंनी सुटणारी गाठ आणि एकसारख्या सोशिक नायिका सुटणारच. गदिमांच्या कामात त्या आहेत. त्यांच्या चित्रपटांची यादी वाचताना संख्येने भारावून जाण्यापेक्षा वर आले तसे सात-आठ चित्रपट निवडून पाहावेत, त्यातून लेखक जास्त कळतो.

कैद्यांची वसाहत आणि बारा हात

आता औंधची ती घटना. 1930च्या दशकाच्या अखेरीस औंध संस्थानात आटपाडीजवळ कैद्यांची एक खुली वसाहत उभारण्यात आली. नाव स्वतंत्रपूर. गंभीर गुन्ह्यांत शिक्षा झालेल्या माणसांना तुरुंगाच्या भिंतींमागे न ठेवता शेतीवर ठेवायचे, त्यांच्या कुटुंबांना सोबत राहू द्यायचे आणि विश्वासावर त्यांना माणसात आणायचे, असा तो प्रयोग. गांधीविचाराने भारून भारतात आलेले पोलिश अभियंते मॉरिस फ्रिडमन यांचा त्यात मोठा वाटा होता. ज्या आटपाडी परिसरात गदिमा वाढले, तिथलीच ही गोष्ट.

या प्रयोगावर आधारलेली कथा-पटकथा गदिमांनी लिहिली आणि व्ही. शांताराम यांनी ती 1957 साली ‘दो आँखें बारह हाथ’ म्हणून पडद्यावर आणली. तरुण जेलर आदिनाथ सहा खुनी कैद्यांना एका उजाड जमिनीवर घेऊन जातो. पहारेकरी नाहीत, बेड्या नाहीत. कैद्यांना धाक आहे तो फक्त त्याच्या दोन डोळ्यांचा. जमीन पिकते, भाजी बाजारात जाते, आणि तिथेच खरी परीक्षा सुरू होते. प्रामाणिकपणे स्वस्त विकणाऱ्यांना बाजारातले व्यापारी सहन करत नाहीत.

या पटकथेची बांधणी नीट पाहण्यासारखी आहे. सहा कैदी म्हणजे सहा नायक झाले असते तर चित्रपट विखुरला असता. गदिमांनी त्यांना बराच काळ एकाच शरीरासारखे ठेवले आहे: सहा माणसे, बारा हात. प्रत्येकाची वेगळी ओळख थोड्याच ठिकाणी, गरज असेल तिथेच पुढे येते, आणि म्हणून ती लक्षात राहते. दुसरे म्हणजे, संकट तुरुंगातून न येता ‘सभ्य’ जगातून येते. गुन्हेगार सुधारतो का, या प्रश्नावर सुरू झालेली गोष्ट भोवतालचा समाज त्याला सुधारू देतो का, या प्रश्नावर येऊन थांबते. प्रेमकथेला यात जागाच नव्हती. खेळणी विकणारी चंपा, म्हणजे संध्या, ही त्या रूक्ष वातावरणात रंग आणि आवाज घेऊन येते, पण कथेचा ताबा घेत नाही.

चित्रपटाला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे राष्ट्रपती सुवर्णपदक मिळाले. 1958 साली बर्लिन महोत्सवात त्याला रौप्य अस्वल मिळाले, आणि त्यानंतर अमेरिकेत सॅम्युएल गोल्डविन पुरस्कारही. बैलाशी झुंजीच्या प्रसंगात शांतारामबापूंच्या डोळ्यांना गंभीर इजा झाली, हा किस्सा सर्वत्र सांगितला जातो. भरत व्यास यांनी लिहिलेली आणि वसंत देसाई यांनी स्वरबद्ध केलेली प्रार्थना शाळाशाळांत म्हटली जाते. दिग्दर्शक-नायक, गीतकार, संगीतकार, तिघांची नावे लोकांच्या ओठांवर राहिली. ज्याने गोष्ट बांधली तो मात्र श्रेयनामावलीत राहिला. भारतात पटकथाकाराच्या वाट्याला हे नेहमीच येते, पण इतक्या गाजलेल्या चित्रपटाच्या बाबतीत ते अधिक खटकते. गदिमा मराठीत घराघरांत पोहोचले ते गीतकार म्हणून. हिंदीत ते गीतकार नव्हते, म्हणून तिथे जवळजवळ अनोळखीच राहिले.

1959 साली त्यांच्या लेखनातले दोन मोठे हिंदी चित्रपट आले. शांतारामांचा ‘नवरंग’, ज्यात एका कवीला आपल्या साध्या बायकोत कल्पनेतली मोहिनी दिसू लागते आणि घरातली खरी स्त्री दुरावते. कवीच्या घरातली ही कुचंबणा लिहायला कवीच हवा होता. दुसरा विजय भट्ट यांचा ‘गूँज उठी शहनाई’, बिस्मिल्ला खाँ यांच्या सनईसाठी आजही आठवला जाणारा. त्याची कथा गदिमांची. दोन्ही चित्रपटांतली गाणी पुन्हा भरत व्यास यांचीच.

आठवड्याचा हप्ता

दूरचित्रवाणी गदिमांच्या आयुष्यात उशिरा आली. मुंबई दूरदर्शन केंद्र 2 ऑक्टोबर 1972 रोजी सुरू झाले आणि त्यानंतर ते पाचच वर्षे जगले. पण मालिका लिहिणे म्हणजे काय, हे त्यांनी त्याच्या कितीतरी आधी, आकाशवाणीवर करून दाखवले होते. ‘गीतरामायण’ ही मुळात एक साप्ताहिक मालिका होती, हे आता विसरले गेले आहे.

पुणे आकाशवाणी केंद्राचे सीताकांत लाड यांच्या आग्रहातून हा उपक्रम निघाला. 1 एप्रिल 1955, रामनवमी, या दिवशी पहिले गीत प्रसारित झाले. दर आठवड्याला एक नवे गीत, वर्षभर. त्या वर्षी अधिक मास आल्याने संख्या 56 वर गेली. संगीत सुधीर फडके यांचे. पहिल्याच गीताचा कागद गहाळ झाला, ध्वनिमुद्रणाची वेळ आली, आणि लाडांनी गदिमांना खोलीत कोंडून ते पुन्हा लिहून घेतले, असा किस्सा सांगतात. खरा-खोटा तपशील काहीही असो, दर आठवड्याच्या वेळापत्रकावर लिहिणाऱ्या कुठल्याही मालिकालेखकाला तो ओळखीचा वाटेल.

गीतरामायणाकडे पटकथाकाराचे काम म्हणून पाहिले तर अनेक गोष्टी उलगडतात. वाल्मीकींच्या प्रचंड काव्यातून 56 प्रसंग निवडायचे, ही पहिली निवड. प्रत्येक प्रसंग कुणाच्या तोंडून सांगायचा, ही दुसरी. निवेदक म्हणून कवी सहसा उभा राहत नाही. कुश-लव, कौसल्या, दशरथ, विश्वामित्र, शूर्पणखा, हनुमान, राम, सीता, बहुतेक वेळी कुणी एक पात्र बोलते, त्याच्या भाषेत आणि त्याच्या स्वार्थाने. तोच प्रसंग दुसऱ्याच्या तोंडी गेला असता तर वेगळा झाला असता. सिनेमाच्या भाषेत सांगायचे तर कॅमेरा कुठे ठेवायचा हे दर आठवड्याला नव्याने ठरवलेले आहे. खांडेकरांच्या खोलीत आणि काळ्यांच्या हाताखाली काढलेली वर्षे इथे कामी आली. ऐकणाऱ्यांना पुढचा भाग काय आहे हे ठाऊक होते, रामकथाच ती, तरीही लोक ठरल्या वेळी रेडिओसमोर बसत.

शेवटची वर्षे

1960च्या दशकात मराठी चित्रपटाचे अर्थकारण आणखी अवघड झाले. हिंदी चित्रपट रंगीत झाले, चित्रपटगृहे त्यांनी व्यापली, आणि मराठी निर्माते तमाशापट किंवा कौटुंबिक विनोद यांवर टिकून राहिले. गदिमा लिहीत होते. 1961 सालचा ‘प्रपंच’ हा मधुकर पाठक यांनी दिग्दर्शित केलेला, कुंभार कुटुंबाच्या दैन्याचा चित्रपट त्यांच्या कथेवरचा आहे आणि त्या काळातल्या त्यांच्या उत्तम कामांत मोडतो. याच सुमारास ते विधान परिषदेवर गेले. 1969 साली पद्मश्री मिळाली आणि 1973 साली यवतमाळच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद. साहित्यिक म्हणून मान मिळत गेला तसतसा सिनेमाचा लेखक ही ओळख आणखी मागे पडली. संमेलनाच्या मांडवात ‘लाखाची गोष्ट’ ही मिरवायची गोष्ट नव्हती.

पुण्यात वाकडेवाडीला, जुन्या पुणे-मुंबई रस्त्यावर, त्यांचा ‘पंचवटी’ बंगला होता. निर्माते, दिग्दर्शक तिथेच येत. हाच रस्ता पुढे पिंपरी, चिंचवड करत आकुर्डीला जातो. 14 डिसेंबर 1977 रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले. त्याच दशकात ‘सामना’सारखे चित्रपट घेऊन विजय तेंडुलकरांची, गाण्यावर फारशी भिस्त नसलेली पटकथा मराठीत आली होती. एकाच माणसाने कथा, पटकथा, संवाद आणि गीते लिहायची पद्धत गदिमांबरोबर जवळजवळ संपली.

त्यांचे चित्रपट नंतरच्या पिढीने पाहिले ते बहुधा दूरदर्शनवर, सुटीच्या दिवशी लागणाऱ्या मराठी चित्रपटात. 2024 साली आलेल्या ‘स्वरगंधर्व सुधीर फडके’ या चित्रपटात ते पात्र म्हणूनही दिसले. सिनेमाच्या दिवसांबद्दल त्यांनी स्वतः ‘वाटेवरल्या सावल्या’मध्ये लिहून ठेवले आहे, आणि ‘मंतरलेले दिवस’मध्ये गावाकडच्या आठवणी आहेत. पटकथाकार गदिमा पाहायचे असतील तर सुरुवात ‘ऊन पाऊस’ने करावी, मग ‘जगाच्या पाठीवर’, आणि ‘दो आँखें बारह हाथ’ पुन्हा एकदा, या वेळी सुरुवातीची नावे पुढे न ढकलता.